पुण्याकडची बाई

शेतकी कॉलेजची शेवटची परीक्षा झाली आणि अमरावतीतल्या गाडगेनगरची आमची खोली सोडायची वेळ आली. मी आणि माझी मैत्रीण, दोघी चारही वर्षं त्या एकाच खोलीत राहिलो होतो. ती दर्यापूरकडची, मी वरूडची. तिला पुण्याजवळच्या एका मोठ्या रोपवाटिकेत नोकरी मिळाली. मला काहीच मिळालं नव्हतं. तिला गाडीत बसवून द्यायला मी बडनेऱ्याला गेले. तिच्याकडे दोन बॅगा, गादीची वळकटी आणि एक निळी बादली होती.

"बादली काहून नेऊन राहिली वो? पुण्यात बादल्या भेटत नाईत का?" मी म्हटलं.

"माही हाय ते. कोठी ठेवू?"

गाडी आली तेव्हा डब्याच्या दारात एवढी गर्दी होती की बॅगाच कशाबशा आत गेल्या. बादली काही जाईना. तिनं ती दारातून माझ्याकडे परत दिली आणि काहीतरी बोलली, पण गाडी हलली होती. मला ऐकू आलं नाही. रिकामी बादली हातात घेऊन मी अमरावतीला परत आले. ऑटोतल्या एका म्हाताऱ्या बाईनं विचारलं, "बजारातून घेतली का?" मी हो म्हटलं. खोलीवर आले तर तिची खाट नुसती लोखंडी पट्ट्यांची उघडी पडली होती. त्या दिवशी मी तिकडे पाठ करून झोपले.

पुढचे काही महिने घरी काढले. आमची वरूडजवळ संत्र्याची बाग आहे. घरी कुणी मला टोचून बोललं नाही, पण पाहुणे आले की आई माझ्याआधीच सांगून टाकायची, "ते स्पर्धा परीक्षेचा अभ्यास करून राहिली." मी अभ्यास करतही होते, पण मन लागत नव्हतं. मग अकोल्याच्या एका कंपनीतून बोलावणं आलं. शेतीची औषधं आणि खतं विकणारी कंपनी होती. त्यांनी शेतकऱ्यांसाठी फोनवर सल्ला द्यायची सोय केली होती आणि त्यांना शेतकी शिकलेली मुलं हवी होती.

मुलाखतीत त्यांनी मला एक उतारा मोठ्यानं वाचायला लावला. समोरच्या बाई हसून म्हणाल्या, "विषयाची माहिती चांगली आहे तुम्हाला. उच्चारांवर मात्र काम करावं लागेल. आपल्याकडे सगळ्या महाराष्ट्रातून फोन येतात."

त्यांनी खरंच काम करून घेतलं. मले नाही, मला. हाय नाही, आहे. काहून नाही, का. आवाज वर न्यायचा नाही, मधेच तोडायचं नाही, शेवटी "आणखी काही मदत करू शकते का" हे विचारल्याशिवाय फोन ठेवायचा नाही. मी जठारपेठेत भाड्याच्या खोलीत आरशासमोर उभी राहून सराव करायची. नवीन चप्पल चावते तशी ती भाषा आधी चावली, नंतर बसली. महिनाभरात बाई म्हणाल्या, "आता कळतसुद्धा नाही तुम्ही कुठल्या आहात." त्यांनी कौतुकानंच म्हटलं होतं.

घरी मी सांगितलं की कंपनीत सल्लागार म्हणून लागले. ते खोटं नव्हतं. पण दिवसभर कानाला हेडफोन लावून बसते, हे सांगितलं नाही. बाबांनी गावभर सांगितलं होतं की पोरगी कंपनीत मॅडम झाली. त्यांच्या डोळ्यांपुढे टेबल, खुर्ची आणि बाहेर उभे असलेले लोक असावेत.

अकोल्यातल्या त्या दिवसांचं सांगायचं तर, मी दिवसभर बोलायची आणि तरीही कुणाशी बोललेली नसायची. बुलढाण्याचा माणूस, नांदेडचा, जळगावचा. प्रत्येकाच्या शेतात मी थोडा वेळ जाऊन यायची. कुणाच्या कपाशीवर बोंडअळी, कुणाच्या तुरीला मर रोग. फोन संपला की तो माणूस संपला. त्याची तूर जगली की गेली, ते कधी कळायचं नाही. ऑफिसातल्या मुली अकोल्याच्याच होत्या, सुट्टी झाली की आपापल्या घरी जायच्या. मी खोलीवर यायची, दाराला आतून कडी लावायची, आणि कुकरच्या शिट्टीशिवाय त्या खोलीत दुसरा आवाज नसायचा. घरमालकीण भली होती, पण तिच्या दोन्ही सुनांचा आणि नातवंडांचा पसारा एवढा होता की माझ्याशी "पाणी आलं बरं का" यापलीकडे बोलायला तिला उसंतच नव्हती.

मैत्रिणीचे फोन सुरुवातीला रोज यायचे. मग एक दिवसाआड, मग रविवारी. तीही थकायची. शेवटी शेवटी आम्ही एकमेकींना नुसते जेवणाचे फोटो पाठवायचो.

एकदा भाजीबाजारात मेथी घेत होते. भाजीवालीनं विचारलं, "कोठची वो बाई तू?"

"वरूडची."

ती जुडी बांधता बांधता म्हणाली, "बोलण्यावरून नाई वाटत."

मी तिथंच उभी राहून तिच्याशी आपल्या बोलीत आणखी काही बोलायचं ठरवलं, पण तोंडून 'किती झाले?' एवढंच निघालं. दुसरं गिऱ्हाईक आलं.

पावसाळा सरत आला की संत्र्याची फळगळ सुरू होते. त्या वर्षी पाऊस थांबतच नव्हता. वरूड, मोर्शी, काटोल, सगळीकडून तेच फोन. फळ मोठं झालं, आता रंग धरणार, आणि देठापासून सुटून खाली पडतंय. मी रोज घरी फोन करून विचारायची, "आपल्या बागेचं कसं हाय?" बाबा म्हणायचे, "मस्त हाय. तू जेवली का?" मी म्हणायची, "जेवली." मला वाटायचं, आपली जमीन उताराची आहे, पाणी थांबत नसेल.

एक दिवस दुपारी फोन जोडला गेला. मी नेहमीसारखं सुरू केलं, "नमस्कार, शेतकरी मदत सेवेत आपलं स्वागत आहे."

"नमस्कार मॅडम," पलीकडून आवाज आला. "संत्र्याचं इचाराचं होतं."

ते बाबा होते.

कृषी केंद्राच्या भिंतीवर आमच्या कंपनीचा नंबर लावलेला असतो, तो त्यांनी लावला असणार. कंपनीचं नाव मी घरी कधी सांगितलं नव्हतं, त्यामुळे मी काम करते तीच ही जागा, हे त्यांना माहीत असण्याचं कारण नव्हतं. मी तोंड उघडलं, पण त्या आवाजात एकदम "बाबा" म्हणता येईना. मी विचारलं, "आपलं नाव आणि गाव सांगाल का?"

त्यांनी नाव सांगितलं. गाव, तालुका सांगितला. एकेक शब्द सुटा करून, जपून, जसा माणूस सरकारी कचेरीत सांगतो. माझी बोटं ते टाइप करत होती.

"काय अडचण आहे?"

"लय गळून राहिला मॅडम संत्रा. रोज सकाळी झाडाखाली सडा पडलेला दिसते. निम्मा खाली आला म्हणा. म्या अशी गळ कधी पायली नाई."

"देठाजवळ काळं दिसतंय का? फळाला बारीक छिद्र आहे का?"

"छिद्र नाई. देठ काळा हाय."

"बागेत पाणी साचलंय?"

"साचलं हाय. खालच्या अंगाले. चर काढाचे होते, पण माणसं भेटत नाईत अन् माहा गुडघा धरते आता."

गुडघ्याचं मला ठाऊक नव्हतं. मी सांगत गेले. आधी पाणी बाहेर काढा. पडलेली फळं उचलून बागेबाहेर खड्ड्यात गाडा, झाडाखाली सडू देऊ नका. मग फवारणी, ती कशाची आणि पाऊस उघडल्यावर कधी घ्यायची. बाबा मधे मधे "हो जी, हो जी" म्हणत होते. आयुष्यात त्यांनी मला कधी जी म्हटलं नव्हतं. लहानपणी पाटातलं पाणी फोडलं म्हणून त्यांनीच मला बागेत पळवून पळवून मारलं होतं.

शेवटी ते म्हणाले, "तुमी चांगलं समजावून सांगता, मॅडम. माही पोरगीबी हेच शिकली. अकोल्याले असते नोकरीवर."

मी फवारणीची नोंद टाइप करत राहिले.

"तिलेच इचारलं असतं. पण तिच्या जिवाले काहून घोर लावाचा? एकटी रायते तिथं. फोनवर सांगते जेवली म्हणून, पण तिची माय म्हणते आवाज बारीक झाला पोरीचा."

हेडफोनमध्ये आमच्या बागेतला पाऊस ऐकू येत होता. मी तोंडापुढचा माइक हातानं झाकला, मग हात काढला, आणि माझ्या तोंडून निघालं, "आणखी काही मदत करू शकते का?"

"नाई मॅडम. लय आभार."

फोन बंद झाला आणि लगेच पुढचा जोडला गेला. हिंगोलीचा कुणी सोयाबीनबद्दल विचारत होता. त्याला मी काय सांगितलं ते आठवत नाही. दोन फोनांनंतर मी पाणी प्यायला म्हणून उठले आणि जिन्यात जाऊन उभी राहिले.

संध्याकाळी घरी फोन केला. बाबांनीच उचलला.

"बाग कशी हाय बाबा?"

"मस्त हाय. तू जेवली का?"

"जेवली," मी म्हटलं. गॅस पेटवलासुद्धा नव्हता.

त्या आठवड्याच्या सुट्टीला जोडून मी आणखी एक दिवस मागून घेतला. पहाटेच्या गाडीनं बडनेरा, तिथून अमरावती, मग मोर्शीवरून एसटीनं वरूड. घरी न कळवता गेले. आई अंगणातच भेटली, तिनं नुसतं तोंडावरून हात फिरवला. बाबा बागेत होते.

खालच्या अंगाला नवे चर काढलेले होते. पाणी वाहून गेलं होतं, चिखल उरला होता. बागेच्या कडेला मोठा खड्डा होता आणि बाबा लंगडत लंगडत टोपलीतली पडलेली फळं त्यात ओतत होते. मला पाहून ते चपापले. टोपली मागे ठेवायला गेले, जणू मला खड्डा दिसणारच नव्हता.

"अशी अचानक काहून आली माय? बरं हाय ना?"

"बरं हाय. तुमी सांगितलं नाई गळ हाय म्हणून."

"थोडीशीच हाय. एका मॅडमले फोन लावला होता म्या. तिनं सांगितलं तसं केलं. फरक पडला."

मी म्हटलं, "बाबा, ते मीच होती."

त्यांनी माझ्याकडे पाहिलं, मग हसले. "नाई वो. ते पुण्याकडची बाई होती."

मी तिथं चिखलात उभी राहून म्हटलं, "नमस्कार, शेतकरी मदत सेवेत आपलं स्वागत आहे."

त्यांचं हसू गेलं. खांद्यावरचा दुपट्टा काढून त्यांनी तोंड पुसलं, पुन्हा खांद्यावर टाकला. मग हळूच विचारलं, "मंग म्या काय काय बोललो तुले?"

"काई नाई. संत्र्याचंच बोलले."

"तुले मॅडम म्हटलं असन म्या."

"म्हटलं."

"हं," ते म्हणाले. "दिवसभर असंच बोलावं लागते का तुले?"

"हो."

त्यांनी टोपली उचलली आणि पुढच्या झाडाकडे निघाले. मीही फळं वेचायला वाकले. आम्ही दुपारपर्यंत वेचत होतो.

संध्याकाळी जेवताना बाबांनी एकदम विचारलं, "उरलेला संत्र्याचा बार व्यापाऱ्याले झाडावरच देऊन टाकू का थांबू? तुले काय वाटते?"

असे प्रश्न ते आजवर काकांना विचारत. मी ताटावरून वर पाहिलं. ते खरंच उत्तराची वाट पाहत होते. आईसुद्धा पोळी हातात धरून थांबली होती. मी म्हटलं, थांबा, पाऊस उघडला की गळ कमी होईल. "बरं," म्हणाले, आणि विषय संपला. ना खाकरले, ना हट्ट केला, ना म्हणाले की तुले काय समजते. त्या घरात पहिल्यांदा मला माझ्या शब्दाचं वजन जाणवलं, पण आनंद झाला नाही. आता चुकलं तर रागावणारं कुणी उरलं नव्हतं.

ते थांबले. गळ कमी झाली, पूर्ण थांबली नाही. बाराची फळं विकली गेली, चांगल्या वर्षाइतकी नाही, पण गेली. मी त्याच नोकरीत राहिले. बाबा आता बागेचं सगळं मला सांगतात, पाटाच्या पाण्यापासून पानांवरच्या कोळशी रोगापर्यंत. फोनची सुरुवात तिथूनच होते आणि बहुतेक वेळा तिथंच संपते. जेवली का, हे विचारायचं राहून जातं. आई मागून ओरडते तेव्हा आठवतं.

थंडीत ते पहिल्यांदा माझी खोली पाहायला अकोल्याला आले. संत्र्याची पिशवी दारात ठेवली, चपला बाहेर नीट जोडून काढल्या आणि खुर्चीच्या अगदी काठावर बसले. मी चहा टाकला. ते भिंतीकडे, पंख्याकडे, खिडकीकडे पाहत होते.

"पाणी भेटीन का?" त्यांनी विचारलं.

माठ त्यांच्या हाताशीच होता. मी उठून पाणी दिलं. त्यांनी दोन्ही हातांनी पेला घेतला. चहा पिऊन झाल्यावर म्हणाले, "जागा चांगली हाय. उजेड हाय," आणि गुडघा चोळत बसले. जेवायला थांबा म्हटलं तर म्हणाले, तुह्या कामाचा खोळंबा होईन.

मी त्यांना बस स्टँडवर सोडायला गेले. खिडकीची जागा मिळाली. गाडी सुटायच्या आधी त्यांनी काच सरकवली.

"येत जाय माय," ते म्हणाले, "सवड भेटली तर."

आधी ते म्हणायचे, शनिवारी ये. सवड भेटली तर, असं आमच्याकडे पाहुण्यांना म्हणतात. मी मान हलवली. गाडी फाटकातून बाहेर पडून वळली. माझी दुपारची पाळी होती, म्हणून मी तिथूनच ऑफिसच्या रस्त्याला लागले.