माझं वाक्य पुरं करू नका

"प... प... पाणी का प... प... पापड? काय पायजे गो तुला?"

भर ग्रामसभेत, माइकवरून, सरपंचाच्या भावानं माझी नक्कल केली. शाळेची पडवी हसली. माझी जाऊ पदर तोंडाला लावून हसली.

मी लहानपणापासून अडखळते. शब्द घशाशी येतो आणि तिथंच अडतो. मान ताठते, डोळे मिटतात. माझं माहेर म्हसा. मुरबाडला एसटीत कंडक्टर विचारायचा, "कुठं?" म्हसा तोंडातून निघायचंच नाही. मागचे ओरडायचे. मग मी जे नाव निघेल त्या पुढच्या गावाचं तिकीट काढायची आणि मधेच म्हशाला उतरायची.

मला बघायला आले तेव्हा आई म्हणाली, "पावन्यांपुढं तोंड उघडू नको."

लग्नानंतर माझी वाक्यं नवरा पुरी करू लागला. मायेनंच. पण माझ्या मनात एक असायचं, तो बोलायचा भलतंच. मी मान हलवायची. किती वर्षं नुसती मानच हलवली!

त्या दिवशी पाण्याचा विषय होता. भातसाचं धरण आमच्या डोंगरापलीकडं. तिथलं पाणी मुंबईला जातं. आमच्या दारात नळ बसले, थेंब नाही. सरपंचाच्या अंगणात बोअर. अर्धं गाव त्याच्या वीटभट्टीवर कामाला, विचारणार कोण? म्हणून मी उभी राहिले होते.

हसणं ओसरलं तसा नवरा उठला. "तिला म्हनायचंय, टँकर वाढवा."

मला टँकर म्हणायचंच नव्हतं.

"तुमी ब... ब... बसा."

 तो बसला.

"आटप गो, टाइम नाय," सरपंचाचा भाऊ म्हणाला.

"पा... पा... पाइप टाकला. न... नळ बसवला. प... पाणी कु... कुठं मुरलं?"

मधे मागून कोणीतरी खिदळलं. मी डोळे मिटू दिले नाहीत. सरपंचाच्या भावाकडं बघत शेवटचा शब्द बाहेर काढला. सरपंचानं माइक बंद केला. "विषय संपला."

वाटेत नवरा म्हणाला, "चारचौघांत माझी लाज काढलीस."

"तुमाला बो... बोलायचं तर तुमचं बोला. मा... माझं नाय."

नळ अजून कोरडाच आहे. पुढच्या ग्रामसभेत मी पुन्हा उभी राहणार. लागेल तेवढा वेळ घेणार. हसणाऱ्यांनी हसून घ्यावं, उत्तर मिळेपर्यंत मी खाली बसणार नाही.