पारिजातकाखालची माती

अक्काला जाऊन पाच आठवडे झाले. डोंबिवलीतल्या आमच्या चाळीत, माझ्या खोलीपासून तिसऱ्या दारात माझी ही थोरली बहीण गेली. आदल्या दिवशी म्हणाली, "वसंता, माझ्यामागे ती कुंडीतली माती जिथनं आणलीस तिथेच नेऊन घाल हो. बाळाला आपल्या घरी जाऊ दे." मी मान हलवली... दुसरं काय करणार होतो, कर्म माझं!

स्वातंत्र्यानंतरच्या वर्षी तिचं ठाण्याचं घर सुटलं. मालकाला जागा हवी होती. भावोजी मुकाट कबूल झाले, पण अक्का बांधलेली भांडी सोडून पुन्हा फळीवर मांडायची. मागच्या अंगणात, पारिजातकाखाली तिच्या बाळाची नाळ पुरलेली. बाळ आठ महिन्यांचं होऊन गेलं, पुन्हा कूस उजवली नाही. तिच्या लेखी ते तिथेच होतं. निघायच्या सकाळी देव पदराखाली घेऊन ती भावोजींबरोबर पुढे निघाली. रिकामं घर तिला बघवणार नव्हतं. जाताना पितळी डबा माझ्या हाती दिला. "बुंध्याशी खण, ओंजळभर माती आण. विसरशील बघ, मेल्या!"

"मी काय कुक्कुलं बाळ आहे?" मी खेकसलो.

आणि विसरलो. कपाट दारात अडकलं, लॉरीवाल्याशी हुज्जत घालण्यातच माझं डोकं गेलं. डोंबिवलीत सामान उतरवताना रिकामा डबा खडखडला तेव्हा आठवलं. वर गॅलरीत अक्का वाट बघत उभी. परत जायला हवं होतं, निदान खरं सांगायला... मी चाळीमागे गेलो, गटाराच्या कडेला बसलो आणि डबा भरला.

तिने ती माती डोळ्यांना लावली, तुळशीच्या कुंडीत घातली. नव्या जागेत तिचा जीव कधी रमला नाही. रोज आंघोळ झाली की कुंडीपाशी बसून विचारायची, "उठलास का रे राजा?" ते ऐकून मला मेल्याहून मेल्यासारखं व्हायचं. सांगायला कितीदा तरी गेलो आणि चहा पिऊन परत आलो. शेळपट!

परवा ठाण्याला जाऊन आलो. पारिजातक नाही, अंगण नाही, तिथे तीन मजले उभे आहेत. आता कुंडी माझ्या दाराशी आहे, सकाळी पाणी घालतो. 'जिथनं आणलीस तिथेच' म्हणाली होती अक्का, आणि ती जागा इथून वीस पावलांवर, गटाराच्या कडेला. तिथे त्या लेकराला कुठल्या हातांनी नेऊन टाकू?