रायगोंडाचं भर दुपारचं भूत

सदलग्यात भयपट काढणारा पहिला माणूस म्हणजे आमचा शेजारी रायगोंडा. न्हाणीत पाल दिसली तरी आईला हाक मारणारा हा गडी लोकांना भिववायला निघाला, तेव्हाच आम्ही पोटभर हसून घेतलं होतं.

पहिली अडचण भुताची नव्हती, अंथऊची, म्हणजे सांजच्या जेवणाची होती. जैनाचं घर, दिवस मावळायच्या आत जेवण उरकलंच पाहिजे. आई कांताक्का ताट वाढून दारात उभी राहायची आणि जेवल्यावर त्याला उंबऱ्याबाहेर सोडायची नाही. म्हणून रायगोंडानं अख्खा सिनेमा भर दुपारी, घरच्याच उसात, मोबाइलवर काढला. भूत झाली भांगलणीला येणारी बाळाबाई. पांढरं लुगडं, मोकळे केस. उसाच्या सरीतून ती नुसती चालत येते, बस्स.

यूट्यूबवर तो बघून निपाणीपर्यंत लोकांची पाचावर धारण बसली. रात्रीच्या भुताला माणूस दाराची कडी लावतो, दुपारच्या भुताला काय लावणार? चिकोडीत सत्कार झाला. रायगोंडा दळणाला जातानाही गॉगल घालू लागला.

पण त्याच्या उसात एकही बाई भांगलायला येईना. तण कमरेला लागलं.

"भूत तू आणलंस न्हवं? आता तणबी तूच काढ," कांताक्का म्हणाली.

शेवटी त्यानं दुसरा व्हिडिओ टाकला. त्यात बाळाबाई त्याच सरीत वेणी घालत सांगते, "बायांनो, त्ये भूत म्याच हाय." बाया हसत हसत कामाला आल्या. ऊस वाचला, दिग्दर्शक गेला. त्याच्या पुढच्या सिनेमात भूत दिसताच पोरं ओरडली, "बाळाक्का, केस बांध की गं!" त्यानंतर रायगोंडानं मोबाइल फक्त बोलायला वापरला. मला त्याचं फार वाईट वाटलं.

यंदाच्या भांगलणीला सगळ्या बाया उसात शिरल्या. बाळाबाई तेवढी बांधावर बसून राहिली.

"आत का जाईनास गं?" रायगोंडानं विचारलं.

"न्हाय अण्णा. त्या सरीत ती असती."

"आगं, ती तूच न्हवं का!"

"व्हय, ठावं हाय मला. पर लई भ्या वाटतंय."

रायगोंडा तिच्याजवळ बांधावर टेकला. मग हळूच म्हणाला, "परत एकदा सांग."

तिनं सांगितलं. त्यानं तिच्या हातातलं खुरपं घेतलं आणि ती सरी स्वतः भांगलायला बसला. इतक्या खुशीत तण काढणारा माणूस मी दुसरा पाहिला नाही.