भाव

फोनची काच फुटली, म्हणून त्यातल्या नोंदी कॉम्प्युटरवर घ्यायला दुरुस्तीवाल्याकडे गेलो.

"काका, हे जुने भाव कशाला? पुसू का?"

"खबरदार हात लावशील तर!"

कापड विकताना मनात आलेलं सगळं मी 'भाव' या नावाने टिपत आलो होतो. प्राध्यापक असलेले थोरले बंधू एकदा हसले होते, "भाव तुला एकाच अर्थाने कळतो." तेव्हापासून कुणाला दाखवलंच नाही.

तळहातावर घडी घालून ठेवलेले शब्द मोठ्या पडद्यावर ताग्यासारखे उलगडत गेले. माणसाचंही असंच असतं. ऐसपैस जागा मिळाली की त्याचा खरा पन्हा दिसतो.

दुरुस्तीवाला वाचतच राहिला. "हे तुम्ही लिहिलंत?"

"मग काय तुझ्या बापाने?" मी खुर्ची ओढून बसलो. "आता मोठ्याने वाच."