पद्माबाईंच्या घरचं पाणी

पाहुणा आला की पद्माबाई आधी पाणी देत, आणि तो ते कसं घेतो ते बघत. बोलताना माणूस सावध असतो, तहानेत तितका नसतो. "आत्ताच पिऊन निघालो" म्हणणारे त्यांनी पाहिले होते. ओठ भिजवून पेला खाली ठेवणारे पाहिले होते. सगळं बोलणं होईस्तोवर पेला हातात धरून, उठताना तो अलगद खिडकीत ठेवून जाणारेही पाहिले होते. वरून धार धरून पिणाऱ्यांचा त्यांना राग नव्हता, ती साऱ्या मुलखाची सवय. पण भरलेला पेला तसाच राहिला तर त्या तो उचलून दारातल्या जास्वंदीच्या मुळाशी ओतत. त्यांची जास्वंद भर उन्हाळ्यातही फुललेली असे.

औंढा नागनाथला, भीमनगरच्या टोकाला त्यांचं दोन खोल्यांचं पत्र्याचं घर. नवरा किशनराव बाजारात शिवणयंत्र घेऊन बसत. अर्ध्या तालुक्याच्या खांद्यांची मापं त्यांच्या बोटांना पाठ होती. "माझ्या हातचं कुनाला चालत न्हाई असं न्हाई," ते म्हणत. पद्माबाई म्हणत, "मापाला चालतं. पाण्याचं वेगळं."

त्या स्वतः अंगणवाडीत मदतनीस होत्या. नव्वदच्या सुमारास कामाला लागल्या, तेव्हा खिचडीचा वास सुटला की काही बाया यायच्या आणि आपापलं लेकरू उचलून न्यायच्या. कुणाला ताप असे, कुणाचा मामा आलेला असे. पद्माबाई वाद घालत नसत. तांदूळ मात्र रोज सगळ्या लेकरांना पुरेल एवढेच टाकायच्या. उरतं तर कमी का शिजवत नाहीस, असं अंगणवाडीच्या ताईंनी विचारलं तेव्हा म्हणाल्या, "उद्या आली तर?" कितीतरी महिन्यांनी, न्यायला आलेल्या गोजरबाईची नात आजीचा हात सोडून पंगतीत बसली आणि उठेना. गोजरबाई दारात उभी राहिली, मग खाली बसली, मग म्हणाली, "जेवू द्या. घरी तरी कुठं जेवती." त्यानंतर हळूहळू सगळीच बसू लागली. वाट बघणं पद्माबाईंना येत होतं.

पण मुलाच्या लग्नाच्या बाबतीत त्यांनी वाट बघायची नाही असं ठरवलं. प्रेमानंद त्यांचा एकुलता एक. हिंगोलीला शिक्षक होता. त्याचं आणि साधनाचं जमलं होतं. साधना दवाखान्यात नर्स, डोंगरकड्याकडच्या रामकिशन नावाच्या शेतकऱ्याची मुलगी. रामकिशन दोन वर्षं नाही म्हणत होता. मुलगी भांडली नाही, रडली नाही. दुसरं स्थळ आलं की ड्युटी लावून घ्यायची. शेवटी बापच थकला आणि हो म्हणाला. मे महिन्यात, दोन हजार चार साली, नोंदणी पद्धतीनं लग्न करायचं ठरलं.

दोन्ही घरांची पहिली भेट वारंगा फाट्यावर एका हॉटेलात झाली. त्यांना जवळ, यांना लांब. हसत-बोलत चहा झाला. परतताना बसमध्ये पद्माबाई मुलाला म्हणाल्या, "हॉटेलचा कप कुनाचाच नसतो. त्यांना घरी घेऊन ये. आणि पेला भरलेला ऱ्हायला, तर तू लगीन कर, मी आडवी येनार न्हाई. पण मी लग्नाला येनार न्हाई."

"आई, एका पेल्यावर?"

"एका पेल्यावरच. माझ्या बापानं जन्मभर ओंजळीनं पाणी पेलं."

मार्चमधल्या एका रविवारी रामकिशन आणि त्याची बायको मंजुळाबाई आले. उन्हानं दोघांचे चेहरे तांबूस झाले होते. रामकिशननं केळीचा अख्खा घड आणला होता. पद्माबाईंच्या मनात आलं, सालीचं फळ. देताही येतं आणि घेताही येतं, कुणाचा हात कुठं लागत नाही. मग त्यांना स्वतःच्या मनाचीच चीड आली. माणसानं मायेनं आणलं असेल. पण मन इतक्या वर्षांत असंच चालायला शिकलं होतं.

त्यांनी पाणी दिलं. रामकिशननं पेला घेतला आणि शेजारच्या स्टुलावर ठेवला. मंजुळाबाई पेला हातात धरून नवऱ्याकडे बघत राहिली.

"इवाई," किशनराव म्हणाले, "सदरा कुनी शिवला तुमचा? एक बाही दुसरीवर रुसल्यावानी दिसून राहिली."

रामकिशन हसला. "गावातच शिवला."

"लग्नाचा माझ्याकडं टाका. दोन्ही बाह्या नांदतील."

केळीच्या बागेचं निघालं, विजेचं निघालं, डोंगरकड्याच्या बाजाराचं निघालं. स्टुलावरच्या पेल्यात छताचा पत्रा दिसत होता. वाऱ्यानं पत्रा वाजला की पाणी थरथरे आणि पुन्हा स्थिर होई. प्रेमानंद दुसरीकडे कुठे बघतच नव्हता.

"पाणी घ्या," पद्माबाई म्हणाल्या.

"ऱ्हाऊ द्या."

"काहून?"

किशनरावांनी पुढची थट्टा तोंडातच ठेवली. रामकिशननं टोपी काढून मांडीवर ठेवली.

"आमच्यात लेकीच्या घरचं पाणी पेत न्हाईत, बाई. नातू व्हईपर्यंत. माझा बाप माझ्या बहिणीकडं जायचा, तर शिवेवरच्या विहिरीवर पाणी पेऊन मग गावात शिरायचा."

रीत खरी होती. पद्माबाईंच्या बापानंही ती पाळली होती. पण एका चांगल्या रीतीच्या आडोशाला दुसरी एखादी रीत सहज उभी राहू शकते. त्यांनी रामकिशनच्या तोंडाकडे नीट पाहिलं. तो खोटं बोलत नव्हता. पण दोहोंतल्या कोणत्या रीतीनं आपला हात धरलाय, हे त्यालाही ठाऊक नव्हतं. ते पाहून त्यांचा राग थोडा उतरला, आणि जिद्द तेवढीच राहिली.

"रीत चांगली हाय," त्या म्हणाल्या. "पण लग्नाला अजून दोन महिने हायेत. लेकीचं घर तवा होईल. आज हे निस्तं पद्माबाईचं घर हाय. पद्माबाईच्या घरचं पेता का न्हाई, तेवढंच इचारते."

उत्तराला त्या थांबल्या नाहीत. "मी च्या ठेवते," म्हणून आत गेल्या. समोर पाहुणा बसलेला असताना त्याच्या पेल्यावरून नजर काढून घेण्याची त्यांची ही पहिलीच वेळ होती. चुलीवर पातेलं ठेवलं आणि साखरेचा डबा हातात घेऊन नुसत्या उभ्या राहिल्या.

बाहेरून मंजुळाबाईचा आवाज आला. "मी तर पेले बया. घसा वाळून गेला. इचार करा तुमी बसून."

पत्रा वाजला. पातेल्यातलं पाणी कडेनं बुडबुडू लागलं.

आणि मग जोराचा ठसका. घाईघाईनं प्यालेल्या माणसाला लागतो तसा.

"सावकाश इवाई," किशनराव म्हणाले. "लगीन दोन महिन्यांनी हाय."

मंजुळाबाईला हसू आवरेना. खोकत खोकतच रामकिशन आतल्या दाराशी आला. मिशीवरून पाणी गळत होतं, डोळे लाल झाले होते. ठसक्यानं असतील. त्यानं रिकामा पेला पुढे केला.

"ईनबाई, अजून द्या थोडं. दोन महिन्यांत जेवढं पेता येईल तेवढं पेऊन घेतो. मंग नातू व्हईपर्यंत बंद."

"मंग येत जा सारखं," पद्माबाई म्हणाल्या. माठातून पेला त्यांनी काठोकाठ भरला, आणि देताना थोडं पाणी त्याच्या पायावर सांडलं. दोघांनीही तिकडे पाहिलं नाही.

पाहुणे उन्हं कलल्यावर गेले. पेले विसळून पद्माबाई अंगणात आल्या. जास्वंद दिवसभराच्या उन्हानं मान टाकून उभी होती. तिच्यासाठी त्यांना माठातून वेगळं पाणी काढावं लागलं.