माझ्या सहीचा जबाब

आमच्या मुख्याध्यापकांबद्दल मी चांगलं लिहीन अशी आशा कोणी ठेवू नये. ते निवृत्त झाले, त्यांचे केस पिकले, आता ते आजोबा झाले, म्हणून माझा राग निवलेला नाही. तो निवावा अशी माझी इच्छाही नाही.

बी.एड. करून चार वर्षं घरी बसल्यावर सडक अर्जुनी तालुक्यातल्या एका खेड्यातल्या खासगी संस्थेच्या शाळेत मी मराठीची शिक्षिका म्हणून लागले. पहिल्या दिवशी कार्यालयात गेले तर ते खुर्चीवरून उठून उभे राहिले. माझ्यासाठी तोवर कोणी खुर्चीवरून उठलं नव्हतं. मुलाखतीत मी ओझरतं म्हटलेलं सगळं त्यांना पाठ होतं. म्हणाले, "मॅडम, या शाळेत शिकवणारे बारा आहेत, पण भाषा कळणारं माणूस आज पहिल्यांदा आलं." त्या संध्याकाळी मी एस.टी.त खिडकीशी बसून एकटीच हसत होते.

बाराही जणांना त्यांनी असंच काहीतरी सांगितलं होतं, हे मला फार उशिरा कळलं. प्रत्येकाला वेगळं बोलावायचं, दार लोटायचं, आवाज खाली आणायचा. "तुम्ही माझ्या घरच्यासारखे, म्हणून सांगतो. गणिताचे सर तुमच्याबद्दल बरं बोलत नाहीत." गणिताच्या सरांना सांगताना माझं नाव. मी आले तेव्हा शिक्षकखोलीत सगळे एकत्र डबा खायचे. वर्षभरात जो तो आपला डबा घेऊन रिकाम्या वर्गात बसू लागला. हे कसं झालं, कोणी विचारलं नाही. कारण प्रत्येकाला वाटत होतं, मुख्याध्यापकांचा खरा माणूस आपणच.

फक्त विज्ञानाचे सर या खेळात नव्हते. ते दवनीवाड्याचे, शेतकरी घरातले, बोलायला आडवेतिडवे. कार्यालयात बोलावलं तर काम विचारायचे आणि परत यायचे. मुलांचा त्यांच्यावर फार जीव. एका वर्षी त्यांच्या वर्गातल्या मुलींनी बनवलेल्या धान वाळवायच्या यंत्राला जिल्ह्याच्या विज्ञान प्रदर्शनात पहिला नंबर मिळाला. पेपरात फोटो छापून आला. मधोमध विज्ञानाचे सर, दोन्ही बाजूंना मुली, आणि अगदी कडेला, अर्धा खांदा कापलेले, आमचे मुख्याध्यापक.

दुसऱ्या दिवशी प्रार्थनेनंतर त्यांनी सगळ्यांसमोर विज्ञानाच्या सरांना मिठी मारली. डोळे पुसले. सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. मग मला कार्यालयात बोलावून पेपर माझ्यापुढे टाकला. "बघितलंत? मी उभा केलेली शाळा, आणि मला कुठं ठेवलंय." त्यांच्या आवाजात राग नव्हता, तक्रारही नव्हती. वाण्यानं माल तोलून बाजूला ठेवावा, तसा तो आवाज होता.

त्यानंतर दोनेक महिन्यांनी प्रयोगशाळेत अपघात झाला.

नववीचं प्रात्यक्षिक चालू होतं. मी कार्यालयात निकालपत्रकं लावत बसले होते. मुख्याध्यापकांनी शिपाईबाईला पाठवून विज्ञानाच्या सरांना बोलावून घेतलं. सर दारातूनच म्हणाले, "प्रात्यक्षिक सुरू आहे, तासानंतर येतो." मुख्याध्यापक म्हणाले, "मुलं बसतील पाच मिनिटं. तुम्ही उभे राहा." कसल्याशा जुन्या प्रमाणपत्राबद्दल त्यांनी सरांना वीस मिनिटं उभं ठेवलं. मधे दोनदा सर निघायला वळले, दोनदा यांनी थांबवलं. तेवढ्यात वरून किंचाळी ऐकू आली. बाटली फुटून आम्ल एका मुलीच्या मनगटावर उडालं होतं. सर एका वेळी तीन तीन पायऱ्या चढत गेले. त्यांनीच तिचा हात नळाखाली धरला, त्यांनीच तिला दवाखान्यात नेलं.

संध्याकाळी मुख्याध्यापक त्या मुलीच्या घरी निघाले. सोबत बाई माणूस असावं म्हणून मला गाडीत घेतलं. घर कोहमाऱ्याच्या पलीकडच्या खेड्यात होतं. अंगणात पाऊल टाकताच त्यांनी मुलीच्या वडिलांचे पाय धरले. "माझ्या लेकीला झालं असं समजा," म्हणून हुंदके देऊन रडले. खरे अश्रू होते, सदऱ्यावर पडत होते. वडील संतापून बसले होते, पण हे पाहून तेच यांना उठवायला लागले. निघता निघता मुख्याध्यापक हळूच म्हणाले, "ते सर वर्गात असते तर हे झालं नसतं. पण जाऊ द्या, मी कोणाचं नाव घेत नाही."

परत येताना कोहमाऱ्याच्या फाट्यावर त्यांनी ढाब्यापुढे गाडी थांबवली. आलुबोंडे मागवले. एक खाऊन दुसरा हातात घेत मला म्हणाले, "कसं वाटलं? बाप पाघळला ना?"

आणि ते हसले. आणि मी पण हसले.

हे लिहिताना माझा हात थांबतो, पण लिहायला हवं. मी हसले. भीतीनं नाही. त्यांनी मला पडद्यामागे घेतलं, याचं सुख होतं ते. लोक म्हणतात, अशा माणसांना दुसऱ्याचं दुःख कळत नाही. चूक आहे. त्यांना ते आपल्यापेक्षा चांगलं कळतं. नेमकं कुठं दुखतं, किती दाबलं की माणूस वाकतो, सगळं कळतं. फक्त ते त्यांना लागत नाही. खाटकाला बकऱ्याची मान जशी कळते, तसं.

आठवड्याभरात चौकशी लागली, सगळ्यांचे लेखी जबाब मागवले गेले. मुख्याध्यापकांनी मला बोलावलं. टेबलावर माझी फाईल होती. माझी शिक्षणसेवकाची तीन वर्षं संपत आली होती आणि मला कायम करायचा प्रस्ताव त्यांच्याच सहीनं जायचा होता. त्या फाईलबद्दल ते एक शब्द बोलले नाहीत. फक्त ती तिथं होती.

"मॅडम, मी तुम्हाला खोटं लिहायला सांगणार नाही. त्या वेळी विज्ञानाचे सर कुठं होते ते आठवत नाही, एवढंच लिहा."

"पण सर, ते इथंच..."

"आठवतंय तुम्हाला? वेळ पाहिली होती घड्याळात?"

"घड्याळात नाही पाहिली."

"मग? आठवत नाही म्हणणं खोटं कसं?"

मी लिहून दिलं. दुसऱ्या दिवशी बाबूंनी टाईप करून आणलेल्या कागदावर 'आठवत नाही'च्या जागी 'कार्यालयात नव्हते' असं होतं. मी वाचलं. नीट वाचलं. मग सही केली.

विज्ञानाचे सर निलंबित झाले. जाताना त्यांनी मला काही विचारलं नाही. महिनाभरात माझी मान्यता आली आणि मुख्याध्यापकांनी स्वतःच्या हातानं मला पेढा भरवला.

माझी पाळी यायला पुढे वर्ष लागलं. अपघातानंतर त्या भाजलेल्या मुलीच्या हाताची पट्टी बदलायला मी दर दोन दिवसांनी शिपाईबाईबरोबर दवाखान्यात जायची. मनातलं ओझं होतं, दुसरं काय. पुढच्या वर्षीच्या पालकसभेत तिचे वडील उभे राहिले आणि म्हणाले, "या शाळेत माझ्या पोरीले कोनी पाह्यलं असन, तं या मॅडमनं." मंचावर मुख्याध्यापक सगळ्यांच्या आधी टाळ्या वाजवत होते. मला त्या टाळ्या ओळखू आल्या.

दुसऱ्या दिवसापासून मी त्यांना दिसेनाशी झाले. नमस्कार केला तर ते माझ्या मागच्या भिंतीकडे पाहायचे. एकदा म्हणाले, सहावीची चाचणी मंगळवारी घ्या. मंगळवारी मी प्रश्नपत्रिका वाटल्यावर त्यांनी वर्गात येऊन मुलांसमोर विचारलं, "चाचणी? कोणी सांगितली?" मी म्हटलं, तुम्हीच. ते दयाळूपणे हसले. "मॅडम, तुम्हाला आरामाची गरज आहे." असं तीन-चार वेळा झालं. मी स्वतःवरच संशय घेऊ लागले. गॅस बंद केला का, हे पाहायला अर्ध्या रस्त्यातून परत यायची.

मग त्यांनी माझ्या नवऱ्याला फोन केला. नवऱ्याचं सडक अर्जुनीला बियाण्यांचं दुकान आहे. फोनवर फार मायेनं म्हणाले, मॅडमच्या डोक्यावर परिणाम झाल्यासारखा वाटतो, जपा त्यांना. नवरा घरी येऊन माझ्यासमोर बसला. "डॉक्टरले दाखवू का?"

"तुम्हालाही तसंच वाटतं?"

"एवढा मोठा माणूस खोटं कायले बोलंल?"

त्या दिवशी मला खरंच वाटलं, आपण वेड्या झालो.

वाचवलं शिपाईबाईनं. दुसऱ्या दिवशी मी रिकाम्या वर्गात रडत होते. ती झाडू घेऊन आली, दार लावलं आणि म्हणाली, "मॅडम, तुमी काऊन रडून राहिल्या? मंगळवारची परीक्षा ते सांगून राहिले होते, तवा मी चाय घेऊन तेथीच उभी होती. माह्या कानानं आयकली."

"मग तू बोलली का नाहीस?"

"तुमी बोलल्या होत्या का, त्या सरांच्या टायमाले?"

झाडू मारता मारताच बोलली ती. मी उठले आणि तिला घेऊन नवऱ्याच्या दुकानात गेले. तिनं सगळं सांगितलं, परीक्षेचंही आणि त्या वीस मिनिटांचंही. मग मी माझ्या सहीचं सांगितलं. नवऱ्यानं गल्ल्याला कुलूप लावलं. मग दुकानाचं शटर खाली ओढत म्हणाला, "चाल, दवनीवाड्याले."

आम्ही दोघं पोचलो तेव्हा सरांच्या घरामागं धानाची मळणी चालू होती. यंत्राचा आवाज, सगळीकडे भूस. दीड वर्षात सर काळवंडले होते. त्यांच्या बायकोनं पाण्याचे दोन पेले आमच्यासमोर ठेवले आणि आत निघून गेली.

"माफी मागायला आले, सर."

"माफी ठेवा तुमच्याजवळ. बयान बदलवता का?"

"बदलवते."

"नोकरी जाईल."

"जाऊ द्या."

त्यांनी अंगावरचं भूस झटकलं. "तवा काऊन नाई म्हटलं असं?"

त्यांनी उत्तराची वाटही पाहिली नाही, यंत्राकडे परत गेले.

गोंदियाला चौकशी अधिकाऱ्यांसमोर मी आणि शिपाईबाई दोघींनी लिहून दिलं. अधिकारी चष्मा काढून म्हणाले, "मॅडम, पहला बयान झूठा था, ये आप खुद लिख के दे रहे हो. समझ रहे हो ना?" मी म्हटलं, "समझ के ही लिख रही हूँ."

संस्थेच्या सभेत मुख्याध्यापक पुन्हा रडले. या वेळी म्हणाले की माझे आणि विज्ञानाच्या सरांचे 'जवळचे संबंध' आहेत, म्हणून मी फिरले, आणि हे सांगताना त्यांना किती यातना होतात. माझ्या नवऱ्यालाही त्यांनीच मुद्दाम बोलावलं होतं. मी नवऱ्याकडे पाहू शकले नाही. तो उठला आणि म्हणाला, "फोनवर बी असाच आवाज होता तुमचा. हिले पागल म्हणून राहिले होते तवा." सभेत कोणीतरी खोकलं. अध्यक्षांनी पुढचा विषय घेतला.

शेवट काय झाला, ते सांगते. विज्ञानाचे सर परत नोकरीवर आले, पण संस्थेच्या दुसऱ्या शाळेत. माझ्या सेवापुस्तकात खोट्या जबाबाबद्दल ताकीद लिहिली गेली. ती योग्यच होती. शिपाईबाईला उन्हाळाभर दोन शाळांची झाडलोट लावली. मुख्याध्यापकांना काहीही झालं नाही. 'गैरसमजातून घडलेला प्रकार' असा शेरा पडला आणि फाईल बंद झाली. विज्ञानाचे सर मला कधीकधी प्रशिक्षणात भेटतात. नमस्कार करतात. त्यापलीकडे बोलत नाहीत, आणि मी त्यांना दोष देत नाही.

तीन वर्षांनी मुख्याध्यापक निवृत्त झाले. मैदानात मांडव पडला. नव्या प्रभारी मॅडम मानपत्र घेऊन माझ्याकडे आल्या. "तुमचा आवाज चांगला आहे, तुम्हीच वाचा."

"मी वाचणार नाही."

"जाऊ द्या ना आता. एवढा राग बरा नाही."

"मला बरा वाटतो," मी म्हटलं.

आठवीच्या पाच-सहा मुली मैदानात न जाता वर्गात रेंगाळत होत्या. मी खडू घेतला आणि फळ्यावर समास लिहायला लागले. बाहेर लाउडस्पीकरवर त्यांच्या मोठ्या मनाबद्दल, त्यांच्या हळव्या स्वभावाबद्दल कोणीतरी बोलत होतं.

एका मुलीनं विचारलं, "मॅडम, तुमी कार्यक्रमाले जाऊन नाई राहिल्या?"

"नाही."

"काऊन?"

शिक्षिकेनं मुलांना असं सांगू नये. पण मी खडू खाली ठेवला आणि सांगितलं, "कारण तो माणूस वाईट आहे, आणि मी एकदा त्याला मदत केली होती."

मग एकीनं वही उघडली आणि विचारलं, "मॅडम, हा द्वंद्व आहे का तत्पुरुष?"