पाच कामांचा नट
डिंकाचा वास आला की निजामाच्या काळातला येडशीचा तो खेळ आठवतो. फिरत्या नाटक कंपनीत मी नटांना दाढीमिशा चिकटवायचो. एक दुय्यम नट त्या दुपारी पाच कामं करत होता आणि त्याला पाहायला जळकोटहून त्याचे वडील प्रथमच आले होते. खेळ संपल्यावर ते चिडून म्हणाले, "तू तर कुठंच दिसला न्हाईस!" "आबा, दूत, ऋषी, वैद्य, चोर, म्हातारी, समदी मीच." "व्हय? मग तुझ्या आजारी आईला काय सांगू, म्हातारी बघून आलो?" आम्ही हसलो, तो हसला नाही. त्यानं तोंड धुतलं आणि रिकाम्या तंबूत, रंगाशिवाय, पाचही कामं पुन्हा केली. वडील बोटांवर मोजत होते. पाचवं बोट मिटल्यावर त्यांनी डोळे पुसले. आता माझाही मुलगा परगावी असतो, आणि तेव्हा हसल्याची लाज वाटते.